पेटाऱ्याचा टेम्पो आणि सुपूर्दनामा

सभामंडपात बसलेल्या सगळ्यांना, आणि बाहेर चपलांजवळ उभं राहून 'बसू की जाऊ' करणाऱ्यांनाही माझा नमस्कार! आत या हो. बाहेर ऊन आहे, आत देव आहे, आणि प्रसादाला शिरा आहे. यातल्या कुठल्याही एका कारणाने आलात तरी चालेल!

मंडळी, आज मी एकच प्रश्न घेऊन उभी आहे. जे आपल्या हातात आहे, ते आपलं असतं का?

लगेच 'नाही' म्हणू नका! कीर्तनात बसलं की सगळ्यांनाच 'नाही' म्हणता येतं. माना कशा डोलतात बघा! पण घरी गेल्यावर जाऊबाईंनी तुमची विळी न विचारता घेतली की मग सांगा. तेव्हा विळी कुणाची असते? देवाची? नाही! 'माझी विळी!' मग मघाशी डोललेली मान कुणाची होती?

मास्तर, द्या जरा सूर. दोन चरण माझेच आहेत, कमीजास्त पोटात घाला.

दिलें तें हातात । माझें कधीं नव्हे ।
मागतां आणावें । होतें तैसें ॥

कुणीतरी दिलं आहे. माझ्या ताब्यात आहे. मागेल तेव्हा न्यायचं आहे, आणि होतं तसं न्यायचं आहे. बोलायला सोपं...

अहो, ती बघा माझी लेक निघाली समईकडे! धरा तिला कुणीतरी. हो, तीच, लाल झबल्यातली. घ्या मांडीवर. नुकतं चालायला लागलंय, त्यामुळे माझा एक डोळा देवाकडे आणि एक तिच्याकडे. दोन डोळे दिलेत ते बहुधा आयांसाठीच दिले असावेत.

तर ऐका. आज पुराणातलं आख्यान लावत नाही. राजा नको, ऋषी नको. आपल्या खालच्या अंगाला कुंभवाडी नावाचं गाव आहे असं धरा. तिथे दशावताराची कंपनी. संकासुर आहे, स्त्रीपार्टी आहे, झांजवाला आहे. आणि कंपनीचा पेटारा आहे. पेटारा म्हणजे काय ते तुम्हाला मी सांगायला नको, पण शहरातून आलेली सूनबाई मागे बसली आहे तिच्यासाठी सांगते. सोंगांचे कपडे, मुकुट, गणपतीचा मुखवटा, सगळं त्या पेटाऱ्यात. खेळाआधी त्याची पूजा. त्याला पाय लावायचा नाही, चपला घालून शिवायचं नाही. पेटारा म्हणजे देवच!

आणि या देवाचं वाहन कोणतं? उंदीर? नाही हो, टेम्पो! निळा टेम्पो. द्वारकाकाकीच्या यजमानांनी घेतलेला. ते स्वतः राजाचं काम करायचे. टेम्पोच्या दर्शनी फळीवर त्यांनी स्वतःच्या हाताने पांढऱ्या रंगात लिहिलं होतं, 'हळू चाल, देव बसलाय.' ते गेले. मागे राहिली काकी, टेम्पो, आणि टेम्पो चालवणारा त्यांचा मुलगा सर्वेश.

मुलगा वाईट होता का? नाही. वाईट मुलं सोपी असतात मंडळी, लांबून ओळखू येतात. हा चांगला होता. हसरा, कामाचा, कुणालाही 'नाही' न म्हणणारा. आणि तिथेच घात! गोव्यात खेळ करून कंपनी परत येताना एकजण भेटला. म्हणाला, "टेम्पोत जागा आहे ना? चार खोके तेवढे पलीकडे पोचव. तुमच्या पेटाऱ्याला नाक्यावर हात कोण लावतोय?"

बघा, बुद्धी कशी चालते! ज्या ठिकाणी लोक हात जोडतात, बरोब्बर तिथेच लपवायचं!

आणि खरंच होतं ते. कुंभवाडीचा टेम्पो नाक्यावर आला की शिपाई पेटाऱ्याला नमस्कार करायचे आणि फाटक वर. सर्वेशने खोके पेटाऱ्याखाली सरकवले, वर सतरंजी. एकदा पार झालं. मग पुन्हा झालं. कंपनीतल्या बाकीच्यांना पत्ता नाही, ते पहाटे दमून मागे घोरत पडलेले. संकासुर घोरतोय आणि खाली दारू! खरा असुर कुठे होता तो, सांगा!

मग एका सकाळी नाक्यावर उत्पादन शुल्क खात्याच्या नव्या बाई उभ्या. त्यांनीही पेटाऱ्याला नमस्कार केला. सर्वेशने गाडीला गिअर टाकला. बाई म्हणाल्या,

"थांबा. टेम्पो मागून एवढा का बसलाय?"

"कपडे आसत मॅडम. मुकुट आसत."

"मुकुट सोन्याचे करून घेतलेत का?"

तेव्हा त्या बाईंनी काय केलं? पायातले बूट काढले! शिपायांनाही काढायला लावले. कंपनीच्या माणसांना उठवून म्हणाल्या, "देव तुमचा आहे, तुम्हीच उतरवा. सावकाश. मला फक्त खालचं बघायचंय."

पेटारा उतरला. आंब्याखाली सतरंजीवर ठेवला. आणि खाली जे होतं ते सगळ्यांनी बघितलं.

पंचनामा झाला. माल जप्त, टेम्पो जप्त, सर्वेशला अटक. त्याला विचारलं, "कुणाचे खोके?" तर म्हणतो, "माका म्हायत नाय. गाडी आयेच्या नावावर आसा."

ऐकलंत? आयेच्या नावावर! म्हटलं तर खरं. कागदावर तसंच आहे. पण खरं बोलूनही माणूस किती खोटं वागू शकतो, बघा!

पेटारा कंपनीने खांद्यावरून घरी आणला. सर्वेश जामिनावर सुटला. टेम्पो मात्र राहिला, उत्पादन शुल्क ऑफिसच्या मागच्या आवारात. कधी बघितलंय का तुम्ही ते आवार? मी बघितलंय. गाड्याच गाड्या. कुणाची रिक्षा, कुणाची मोटार, कुणाची नवी कोरी मोटरसायकल. गुन्हा माणसाने केला, आणि शिक्षा उन्हापावसात उभी! द्वारकाकाकी आठवड्याच्या बाजाराला गेली की कुंपणातून बघून यायची. आधी टायर बसले. मग दारांना तांबेरा चढला. मग एक दिवस खिडकीतून कारल्याचा वेल बाहेर आला. काकीने घरी येऊन सांगितलं, "गाडी मेली नाय हा, पण आजारी आसा."

इकडे कार्तिक जवळ आला. जत्रा सुरू होणार. टेम्पो नाही तर कंपनी जाणार कशी? संकासुराचं काम करणारे बाबली मेस्त्री म्हणाले, "माजो काय, मी एसटीत शेपटी धरून बसान. पण पेटारो? पेटाऱ्याक तिकीट खंयचा काढतलंस?" हसू येतं, पण त्या हंगामावर सात-आठ घरांच्या चुली होत्या.

काकी वकिलाकडे गेली. पाटकर वकील, भला माणूस. त्यांनी अर्ज केला. समजावून सांगितलं, "काकी, खटला चालायला वेळ लागतो. तोवर गाडी गंजून कुणाचाच फायदा नाही, म्हणून कोर्ट गाडी मालकाच्या ताब्यात देऊ शकतं. पण कोर्ट एक विचारणार, मालकाला हे माहीत होतं का? तुम्ही 'नाही' म्हणा, आणि गप्प बसा."

न्यायाधीशांनी विचारलं. काकी म्हणाली, "माका म्हायत नव्हता, सायबा."

वकिलांनी सुटकेचा निःश्वास टाकला. तर काकी पुढे म्हणते, "पण म्हायत करून घेवक व्हया होता. झीलाच्या खिशात नवो मोबाईल इलो तेव्हाच इचारूक व्हया होता. मी इचारलंय नाय. बरा वाटला माका."

वकिलांनी कपाळाला हात लावला! आयांनो, मला सांगा, आपण काय वेगळं करतो? मुलगा हसत घरी आला की आपण त्याचं हसू बघतो. हसू कुठून आलं हे विचारत नाही. विचारलं तर ते जाईल म्हणून!

न्यायाधीशांनी ते लिहून घेतलं. मग हुकूम दिला, टेम्पो सुपूर्दनाम्यावर सोडावा.

आता हा शब्द नीट ऐका, आजच्या आख्यानाची गाठ इथे आहे. सुपूर्दनामा! म्हणजे गाडी परत मिळाली का? हो. गाडी तुझी झाली का? नाही! गाडी कोर्टाचीच, तुझ्याकडे फक्त सोपवली. वापर, हाक, धंदा कर. पण विकायची नाही. दुसऱ्याला द्यायची नाही. तिचं रूप बदलायचं नाही, रंग बदलायचा नाही. आणि बोलावलं की आणून उभी करायची, होती तशी! चारी बाजूंनी फोटो काढले, काकीचा अंगठा... माफ करा, सही. काकी सातवी शिकलेली आहे, तिला अंगठा म्हटलेलं चालत नाही.

वेल कापला, बॅटरी बदलली, टेम्पो खोकत खोकत कुंभवाडीला आला. बायकांनी ओवाळला! पहिल्या जत्रेला टेम्पो निघाला. चालवायला शेजारच्या वाडीतला ड्रायव्हर, सर्वेश नुसता बाजूला बसलेला. जत्रेत शिरतात न शिरतात, तोच दुकानांच्या रांगेतून आवाज आला, "इली रे, इली! दारवेची गाडी इली!"

एकजण म्हणाला, "पेटाऱ्यात गणपती आसा मां? की बाटल्येच आसत?"

सगळी जत्रा हसली. कंपनीची माणसं खाली मान घालून उतरली. दुसऱ्या जत्रेत तेच. तिसऱ्या जत्रेला एका मानकऱ्याने सांगून टाकलं, "टेम्पो देवळापासून लांब लावा."

आता मंडळी, इथे चूक झाली. आणि ही चूक फक्त दशावताऱ्यांच्याच हातून होऊ शकते. तुमच्या-माझ्या नाही. का? कारण त्यांचा सगळा जन्मच रंगावर! संध्याकाळी तोंडाला रंग लावला की बाबली मेस्त्री राहत नाही, संकासुर होतो. बायकोला घाबरणारा माणूस रंग लावून देवाला दम देतो! रंग पुसला की पुन्हा बायकोला घाबरायला मोकळा. रंग बदलला की माणूस बदलतो, हे त्यांना शिकवावं लागत नाही, रक्तातच असतं.

काकी बहिणीकडे गेली होती, तिच्या नातवाच्या बारशाला. सर्वेशने टेम्पो अंगणात घेतला, पिवळ्या रंगाचे डबे आणले, आणि बाबलीने ब्रश धरला. गाडीला लागलेला डाग जाईल! लोक म्हणतील, ही वेगळीच गाडी! सबंध टेम्पो पिवळा जर्द. देवीच्या भंडाऱ्यासारखा. 'हळू चाल, देव बसलाय', तेही पिवळ्याखाली गेलं.

काकी परत आली. पाणंदीतून वळली आणि बघितलं. हातातली पिशवी तशीच धरून पायरीवर बसली.

"कित्याक रंगवलंस?"

"आये, लोक बोटां दाखवतत."

"कोणाक? गाडयेक?"

सर्वेश रिकाम्या डब्याला झाकण लावायला लागला.

"बोट गाडयेक दाखवत होते, तर गाडी रंगवलंस ता बरा केलंस. पण तुका दाखवत होते, तर रंग खंय लावूचो होतो?"

मास्तर, इथे सूर नको. इथे जरा शांतच राहू या.

आणि देवाची वेळ कशी असते बघा! त्याच आठवड्यात वकिलांचा निरोप. खटल्याच्या कामासाठी कोर्टाने मुद्देमाल बघायला मागवलाय. टेम्पो घेऊन या. होता तसा!

वकील अंगणात येऊन उभे राहिले. पिवळा टेम्पो बघितला आणि त्यांच्या तोंडाचाही रंग तोच झाला! "काकी, शर्त मोडली. कोर्ट गाडी परत आवारात घालेल. पुन्हा सुटणार नाही. हंगाम संपला समजा."

बाबली पुढे आला. "वकीलसाहेब, घाबरतास कित्याक? निळो रंग हाडतंय. दोन हात मारले की झाला. कोणाक कळतला?"

मंडळी, खरं सांगा, तुमच्याही मनात हेच आलं ना? माझ्या तर आलं होतं! ऐकताना मीही मनातल्या मनात निळा डबा उघडला होता. रंगावर रंग, त्यावर रंग. जन्मभर हेच करतो आपण!

काकीने कुणाकडेच बघितलं नाही. मुलाकडे बघितलं. "तुजा काय म्हणणा?"

सर्वेश उठला. गोठ्यातून पॉलिश पेपर आणला. दर्शनी फळीसमोर उकिडवा बसला आणि घासायला लागला. बाबली म्हणाला, "अरे मेल्या, सबंध गाडी घासतलंस? बोटां ऱ्हवतली नाय!" तो घासतच राहिला. जपून, लहान बाळाचं अंग चोळावं तसं. जोर केला असता तर खालचंही गेलं असतं. आधी निळा रंग दिसला. मग एक पांढरी रेघ. मग बापाच्या हाताचं अक्षर वर आलं. 'हळू चाल.'

तिथे त्याचा हात थांबला. म्हणाला, "आये, उद्या गाडी आसा तशीच नेवया. मी सांगतंय काय ता."

दुसऱ्या दिवशी कोर्टाच्या आवारात टेम्पो उभा. अंग पिवळं आणि कपाळावर निळा टिळा! येणारे-जाणारे बघतायत. न्यायाधीशांनी फोटो बघितले, खिडकीतून टेम्पो बघितला, काकीकडे बघितलं. "बाई, हा तोच टेम्पो आहे का?"

काकीने तोंड उघडायच्या आत मागून आवाज आला, "होय सायब, तोच. रंग मीच लावलंय. आये घराक नव्हती. तिका म्हायत नव्हता."

वकील वळून खुणावतायत, गप्प बस! त्याचं लक्ष नाही.

"आणि सायब, नाक्यावर मी म्हटलंय गाडी आयेच्या नावावर आसा. गाडी तिच्या नावावर आसा, पण खोके मीच ठेवलंय. कोणी दिले ताव सांगतंय."

न्यायाधीश म्हणाले, "तुम्ही काय बोलताय ते कळतंय ना? याची शिक्षा होऊ शकते."

"कळता."

"मग रंग का लावला होता?"

"लोक वळखत होते म्हणान."

"आणि आता खरवडला का?"

सर्वेशने खिडकीतून टेम्पोकडे बघितलं. मग म्हणाला, "खाली बापाशीचा अक्षर होता."

मंडळी, त्या दिवशी कोर्टाने काय करावं? तुम्हीच सांगा. शर्त तर मोडली होती! न्यायाधीशांनी काकीला कडक शब्दांत समज दिली. हो, काकीला! गाडी तिच्या हाती सोपवली होती. 'घरी नव्हते' हे सुपूर्दनाम्यात चालत नाही. काकीने हात जोडून ऐकून घेतलं. मग हुकूम झाला, वरचा रंग काढून गाडी मूळ रूपात आणावी, नव्याने फोटो काढावेत, आणि अट पाळून हंगामासाठी वापरावी. गाडी काकीच्याच ताब्यात राहील. आणि मुलावरचा खटला? तो चालणार. तो माफ झाला नाही. आजही चालू आहे. मी तुम्हाला खोटा गोड शेवट सांगणार नाही.

सगळी कंपनी अंगणात बसली घासायला. संकासुर, नवा राजा, स्त्रीपार्टी, झांजवाला. तरी पुढच्या जत्रेपर्यंत पुरं झालंच नाही. टेम्पो अर्धा निळा, अर्धा पिवळा, मधे पत्र्याचे डाग. तसाच निघाला. जत्रेत शिरला आणि आवाज आलाच, "इली रे, दारवेची गाडी!"

सर्वेश खाली उतरला. बोलणाऱ्याच्या समोर गेला. लोकांना वाटलं, आता हाणामारी! तो म्हणाला, "होय, तीच गाडी. खोके मी ठेवले होते. आता पेटारो उतरवूचो आसा, तेवढो हात लावशात?"

तो माणूस गोंधळला. इकडे तिकडे बघितलं. आणि मग काय केलं? पायातल्या चपला काढल्या, आणि पेटाऱ्याला हात लावला!

मंडळी, संपलं आख्यान. आता प्रश्न तुमच्याकडे येतोय, सावरून बसा.

हा देह मिळाला, सुपूर्दनाम्यावर. घर मिळालं, जीभ मिळाली, सत्ता मिळाली, सरपंचसाहेब तुमच्याकडे बघत नाहीये हं मी, सगळं सुपूर्दनाम्यावर! बोलावणं येणार. तारीख सांगून येईल असंही नाही. त्या दिवशी वरचा न्यायाधीश फोटो काढून बघणार. तेव्हा निळ्यावर पिवळा, पिवळ्यावर हिरवा, किती थर घेऊन उभे राहणार आहात? आजच घरी जाऊन थोडं घासा. एखादी कडा तरी. खाली कुणाचं अक्षर आहे ते बघा.

आणि आयांनो, बाबांनो, आपली लेकरं! तीही आपली नाहीत, सोपवलेली आहेत. मग काय करायचं? काचेच्या कपाटात ठेवायची? 'पडेल, भाजेल, बिघडेल' म्हणून दाराला कडी लावून बसायचं? अहो, आवारातल्या गाडीला कुणी हात लावला नव्हता, तरीही ती गंजली! कारल्याचा वेल आला तिच्यातून! कोर्टाने काय म्हटलं होतं? वापर, हाक, रस्त्यावर ने. फक्त विकू नकोस, रंग फासू नकोस, आणि लक्ष ठेव. रस्त्यावर गेलेल्या गाडीला ओरखडे येणारच. ओरखड्यांबद्दल देव विचारत नाही. ओरखडा लपवलास का, ते विचारतो.

दिलें तें हातात । माझें कधीं नव्हे ।
मागतां आणावें । होतें तैसें ॥

देवा, आम्हाला जपून ठेवायची बुद्धी दे, आणि मागशील तेव्हा रंग पुसलेल्या तोंडाने उभं राहायचा धीर दे. बोला, पुंडलिक वरदा...

अगं बाई! पुन्हा निघाली ती! नको, नको, धरू नका तिला. ती समई उचला, वर ठेवा त्या कट्ट्यावर. हां. आता सोडा लेकराला. चालू दे.